किंबर्ली योजना : ऑस्ट्रेलियाच्या उत्तर टोकाला ७५,००० ज्यू निर्वासितांना वसवायचा बेत – वारंवार विचारले जाणारे प्रश्न

दुसऱ्या महायुद्धाच्या तोंडावर आणि युद्ध चालू असताना ज्यू निर्वासितांना जगाच्या कुठल्यातरी कोपऱ्यात जागा मिळवून द्यायचे अनेक प्रयत्न झाले. त्यातल्या किंबर्लीच्या प्रयत्नाबद्दल मराठीत फारसं वाचायला मिळत नाही. हा विषय निघाला की तेच तेच प्रश्न विचारले जातात. त्यांची उत्तरं इथे एकत्र केली आहेत.

किंबर्ली योजना म्हणजे नेमकं काय?

ऑस्ट्रेलियाच्या वायव्य भागात, किंबर्ली नावाच्या प्रदेशात जमीन विकत घ्यायची आणि युरोपातल्या ७५,००० ज्यू निर्वासितांना तिथे शेतीवर वसवायचं, अशी ही योजना होती. ती मांडली होती फ्रीलँड लीग या संस्थेनं. १९३५ मध्ये स्थापन झालेल्या या संस्थेचं म्हणणं साधं होतं. पॅलेस्टाइनचा प्रश्न सुटेल तेव्हा सुटेल, पण माणसं आज संकटात आहेत. तेव्हा जगात जिथे जागा रिकामी आहे आणि सरकार तयार आहे, तिथे त्यांना राहू द्या.

'रिकामी' हा शब्द लक्षात ठेवा. या सगळ्या कहाणीत तोच सगळ्यात फसवा शब्द आहे.

१९३९ ते १९४४ अशी पाच वर्षं ही योजना सरकारी टेबलांवर फिरत राहिली, आणि शेवटी एका पत्रानं संपली.

किंबर्ली आहे कुठे? तिथे माणूस राहू शकतो का?

किंबर्ली म्हणजे पश्चिम ऑस्ट्रेलिया राज्याचं वरचं टोक. क्षेत्रफळ सव्वाचार लाख चौरस किलोमीटरच्या आसपास, म्हणजे अख्ख्या महाराष्ट्राहून मोठं. राजधानी पर्थपासून योजनेतल्या जागेपर्यंत रस्त्यानं तीन हजार किलोमीटरहून जास्त अंतर. नोव्हेंबर ते मार्च पाऊस, उरलेलं वर्ष कोरडं. ऑर्ड नदीच्या खोऱ्यात पाऊस साधारण आपल्या मराठवाड्याइतका पडतो, पण तो कोसळतो आणि निघून जातो. नदी पावसाळ्यात समुद्रासारखी पसरते आणि कोरड्या महिन्यांत डोहांच्या माळेसारखी उरते. पावसाआधीच्या महिन्यांत पारा चाळिशीच्या वर.

राहू शकतो का, तर हो. हजारो वर्षं माणसं तिथे राहतच होती. त्यांच्याबद्दल पुढे लिहिलं आहे.

निर्वासितांसाठी इतक्या दूरच्या जागेचा विचार का करावा लागला?

कारण जवळचे सगळे दरवाजे बंद होते. जुलै १९३८ मध्ये फ्रान्समधल्या एव्हियाँ गावी ३२ देशांची परिषद भरली. जर्मनी आणि नुकत्याच गिळंकृत झालेल्या ऑस्ट्रियातल्या ज्यूंना कोण घेणार, हा विषय. एकामागून एक प्रतिनिधी उठले, सहानुभूती व्यक्त केली आणि आपल्या देशाची अडचण सांगून बसले. ऑस्ट्रेलियाच्या वतीनं टी. डब्ल्यू. व्हाइट यांनी जे सांगितलं त्याचा आशय असा, की आमच्याकडे खरा वंशप्रश्न नाही आणि तो बाहेरून आणण्याची आमची इच्छाही नाही.

पुढे नोव्हेंबर १९३८ मध्ये जर्मनीभर ज्यूंची दुकानं, घरं, प्रार्थनास्थळं फोडली, जाळली गेली. त्यानंतर डिसेंबरमध्ये ऑस्ट्रेलियानं तीन वर्षांत १५,००० निर्वासित घेऊ असं जाहीर केलं. युद्ध सुरू झालं तोवर त्यातले निम्म्याच्या आसपास पोचले होते. ते एकेकटे, कुटुंबाकुटुंबानं, व्हिसा मिळेल तसे आले. एकट्या पोलंडमध्ये ३० लाखांहून जास्त ज्यू राहत होते. आकडे शेजारी शेजारी ठेवले की फ्रीलँड लीगची घाई कळते.

आयझॅक स्टाइनबर्ग हे कोण गृहस्थ?

या योजनेचा प्राण म्हणजे हा माणूस.

आयझॅक नाखमान स्टाइनबर्ग यांचा जन्म १८८८ चा, तेव्हाच्या रशियन साम्राज्यातल्या द्विन्स्कचा, म्हणजे आजच्या लाटव्हियातल्या दाउगावपिल्सचा. विद्यार्थिदशेत झारविरोधी चळवळीत पडले म्हणून मॉस्को विद्यापीठातून बाहेर काढले गेले आणि जर्मनीत हायडेलबर्गला जाऊन कायदा शिकले. क्रांतीनंतर डिसेंबर १९१७ मध्ये ते लेनिनच्या सरकारात न्याय खात्याचे कमिसार, म्हणजे मंत्री झाले. ते बोल्शेविक नव्हते. डाव्या समाजवादी क्रांतिकारी पक्षाच्या वतीनं ते त्या आघाडी सरकारात होते. विनाचौकशी शिक्षांना त्यांनी विरोध केला. असंच चालणार असेल तर न्यायखातं ठेवता तरी कशाला, असं आपण लेनिनला तोंडावर विचारल्याचं त्यांनी पुढे स्वतः लिहून ठेवलं आहे. मार्च १९१८ मध्ये त्यांनी राजीनामा दिला. १९२३ पासून जर्मनीत, आणि हिटलर आल्यावर १९३३ मध्ये लंडनला.

आणि हे सगळं करताना हा क्रांतिकारक धर्मानं सांगितलेलं खाणंपिणं आणि शनिवारची सुट्टी कसोशीनं पाळत होता. कोकणातल्या बेने इस्राएल ज्यूंना आपल्याकडे 'शनिवार तेली' म्हणत, कारण शनिवारी त्यांचा घाणा बंद. स्टाइनबर्ग यांचा शनिवारही तसाच होता, मग ते मंत्रालयात असोत की किंबर्लीच्या रानात.

दोनदा देश सुटलेला, पन्नाशीचा हा माणूस २३ मे १९३९ रोजी पर्थच्या बंदरात उतरला. पुढची चार वर्षं त्यानं ऑस्ट्रेलियात मंत्री, बिशप, संपादक, कामगार पुढारी अशा सगळ्यांचे उंबरे झिजवले.

जमीन कोण विकणार होतं?

ड्यूरॅक कुटुंबाची कंपनी. मूळचे आयरिश असलेले ड्यूरॅक १८८३ मध्ये क्वीन्सलंडमधून सात हजारांहून जास्त गुरं हाकत निघाले आणि १८८५ मध्ये ऑर्डच्या खोऱ्यात पोचले. वाटेत निम्मी गुरं मेली. तिथे त्यांनी सरकारकडून चराईचे भाडेपट्टे घेतले आणि आर्गाइल डाउन्स, आयव्हन्हो अशी अवाढव्य 'स्टेशनं' उभी केली. ऑस्ट्रेलियात स्टेशन म्हणजे गुरं किंवा मेंढरं राखायची जहागीर म्हणा ना.

१९३० च्या दशकात गुरांच्या धंद्यात दम राहिला नव्हता. कुटुंबप्रमुख मायकेल पॅट्रिक ड्यूरॅक यांना जमीन काढायची होती. पश्चिम ऑस्ट्रेलियातून शेजारच्या नॉर्दर्न टेरिटरीत पसरलेला जो पट्टा त्यांनी देऊ केला, तो सोळा हजार चौरस किलोमीटरहून मोठा होता. आपला अहिल्यानगर (पूर्वीचा नगर) जिल्हा महाराष्ट्रात सर्वांत मोठा. जवळपास तेवढा तुकडा एका कुटुंबाच्या पट्ट्यांत होता.

पण ती जमीन मुळात कुणाची?

मिरिवुंग आणि गाजेराँग या लोकांची, आणि आसपासच्या इतर आदिवासी समूहांची. हा प्रश्न त्या काळच्या चर्चेत जवळपास विचारलाच गेला नाही.

ड्यूरॅकांच्या स्टेशनांवर गुरं हाकणारे, खोगीर बांधणारे, घरात राबणारे हात आदिवासींचेच होते. मजुरी बहुतेकदा पीठ, चहा, साखर, मांस आणि तंबाखूच्या रूपात. गोऱ्यांची वस्ती आली ती हिंसेसकट आली. १९२६ मध्ये पूर्व किंबर्लीतच फॉरेस्ट रिव्हर भागात पोलिसांच्या तुकडीनं आदिवासींना मारून प्रेतं जाळली. दुसऱ्या वर्षी शाही चौकशी आयोगानं किमान अकरा जणांची हत्या झाल्याचं नोंदवलं, तरी कुणालाही शिक्षा झाली नाही. म्हणजे स्टाइनबर्ग 'रिकाम्या उत्तरे'बद्दल बोलत होते तेव्हा या घटनेला पुरती तेरा वर्षंही झाली नव्हती.

स्टाइनबर्ग यांच्याबद्दल मला मनापासून आदर आहे, तरी हे लिहायलाच हवं. युरोपातून हाकलल्या गेलेल्या माणसांसाठी घर शोधताना, स्वतःच्या घरात उपरे ठरवले गेलेल्या माणसांना विचारावं असं कुणाच्या मनात आलं नाही. लीगच्या नाही, सरकारच्या नाही, चर्चच्याही नाही.

त्याच काळातली एक गोष्ट उलट बाजूनं सांगावीशी वाटते. ६ डिसेंबर १९३८ रोजी, जर्मनीतल्या त्या जाळपोळीनंतर चारच आठवड्यांनी, यॉर्टा यॉर्टा समाजाचे वृद्ध पुढारी विल्यम कूपर आणि त्यांच्या ऑस्ट्रेलियन अबॉरिजिन्स लीगचं शिष्टमंडळ मेलबर्नच्या जर्मन वकिलातीच्या दारात जाऊन उभं राहिलं. ज्यूंच्या छळाचा निषेध करणारं पत्र त्यांच्या हातात होतं. वकिलातीनं ते घेतलं नाही. ज्यांना स्वतःच्या देशात पुरते नागरी हक्क नव्हते, त्यांना हजारो मैलांवरच्या माणसांचं दुःख आपलं वाटलं होतं.

२००३ मध्ये ऑस्ट्रेलियाच्या संघीय न्यायालयानं मिरिवुंग–गाजेराँग लोकांचा या भूमीवरचा मूळ हक्क मान्य केला.

प्रत्यक्ष जागेवर जाऊन कुणी पाहणी केली होती का?

हो. पर्थला पोचल्यावर काही आठवड्यांतच स्टाइनबर्ग किंबर्लीत गेले. सोबत पर्थच्या विद्यापीठातले कृषितज्ज्ञ जॉर्ज मेलव्हिल आणि ड्यूरॅकांचा मुलगा किम. हा किम शेतीचा अभ्यासक होता. ऑर्डच्या काळ्या मातीत पाणी दिलं तर पिकं येतील, हे त्याच्या डोक्यात पक्कं होतं. पुढे त्यानं नदीकाठी स्वतः प्रयोगाची शेतीही केली. पाहणीचा निष्कर्ष अनुकूल होता. गुरांसोबत बागायती शेती शक्य आहे, मात्र पाणी अडवावं लागेल आणि भांडवल लागेल.

वर्षातले ते महिने कोरडे आणि सुखद असतात, हेही ध्यानात घ्यावं. नोव्हेंबरात तीच माती पाहिली असती तर अहवालातल्या काही ओळी कदाचित वेगळ्या झाल्या असत्या.

वसाहत उभी कशी राहणार होती? ज्यूंचं वेगळं राज्य होणार होतं का?

वेगळं राज्य नाही. हा गैरसमज तेव्हाही होता आणि आजही आहे. येणारे ऑस्ट्रेलियाचे कायदे पाळतील, ऑस्ट्रेलियाचे नागरिक होतील, एवढंच ठरलं होतं. त्यांची शाळा, त्यांची यिडिश भाषा, त्यांचे सण मात्र राहतील.

आधी ५०० ते ६०० धडधाकट तरुणांची तुकडी पाठवायची. तिनं घरं बांधायची, पाण्याचे पाट काढायचे, वीजघर उभं करायचं. मग टप्प्याटप्प्यानं बाकीचे. पैसा जगभरच्या ज्यूंकडून गोळा करायचा, ऑस्ट्रेलियाच्या तिजोरीवर भार टाकायचा नाही.

मग पाठिंबा कुणाचा होता?

आश्चर्य वाटेल इतक्या लोकांचा. राज्याचे प्रीमियर (आपल्याकडच्या मुख्यमंत्र्यांसारखे) जॉन विलकॉक यांनी ऑगस्ट १९३९ मध्ये अनुकूल कौल दिला. नंतर अँग्लिकन आणि कॅथलिक चर्चचे वरिष्ठ, देशातल्या कामगार संघटनांची मध्यवर्ती संस्था, मोठी वर्तमानपत्रं आणि नामवंत लेखक-प्राध्यापकही बाजूनं उभे राहिले. काहींच्या मनात निखळ कळवळा होता. काहींना वेगळीच चिंता होती. उत्तरेचा किनारा ओस पडला आहे, जपान जवळ आहे, गोरी माणसं तिथे जायला तयार नाहीत, मग निदान हे तरी जातील. स्टाइनबर्ग यांनी ही चिंता ओळखली आणि आपली बाजू तिच्यावरच उभी केली.

विलकॉक यांचा कौल आला आणि आठवड्याभरात हिटलरचं सैन्य पोलंडमध्ये शिरलं.

विरोध कुणी केला? ज्यूंमधूनही विरोध होता म्हणतात, ते खरं का?

खरं आहे, आणि तो विरोध समजून घेण्यासारखा आहे. झिऑनवाद्यांचं, म्हणजे ज्यूंचं राष्ट्र पॅलेस्टाइनमध्येच व्हावं म्हणणाऱ्यांचं, म्हणणं होतं की पॅलेस्टाइन सोडून दुसरीकडे लक्ष, पैसा आणि माणसं वळवणं म्हणजे मूळ ध्येयाचाच घात. हा वाद जुना होता. १९०३ मध्ये ब्रिटिशांनी पूर्व आफ्रिकेत जागा देऊ केली होती, जी 'युगांडा योजना' म्हणून ओळखली जाते, तेव्हाही झिऑनवादी चळवळ याच प्रश्नावर दुभंगायला आली होती. फ्रीलँड लीग ही त्या भांडणातल्या हरलेल्या बाजूची वारसदार म्हणायला हरकत नाही.

दुसरा विरोध ऑस्ट्रेलियात पूर्वीपासून स्थिरावलेल्या ज्यू पुढाऱ्यांपैकी काहींचा. आपण इथे मिसळून गेलो आहोत, कुणी बोट दाखवत नाही. एका जागी पाऊण लाख यिडिश बोलणारे आले तर उद्या आपल्याकडेही बोट दाखवलं जाईल, ही ती भीती.

बाकीच्या ऑस्ट्रेलियन लोकांचा आक्षेप असा की ही माणसं मुळात शहरातली, ती उन्हात टिकणार नाहीत, आणि दोन-चार वर्षांत सिडनी-मेलबर्नच्या वाटेला लागतील. १९४४ च्या एका जनमत चाचणीत ४७ टक्के लोक योजनेच्या विरोधात होते. म्हणजे विरोध करणारेही निम्म्याहून कमीच.

सरकारनं शेवटी नकार दिला तो कोणत्या कारणानं?

१५ जुलै १९४४ रोजी पंतप्रधान जॉन कर्टिन यांनी स्टाइनबर्ग यांना कळवलं की परक्या लोकांच्या वसाहतीबाबत देशाचं जे दीर्घकाळ चालत आलेलं धोरण आहे, ते सोडायला सरकार तयार नाही आणि फ्रीलँड लीगला हवी आहे तशी एकाच समूहाची वेगळी वस्ती मान्य करता येणार नाही.

या पत्रात कुठेही जमीन नापीक आहे, पैसा नाही, हवा सोसणार नाही असं म्हटलेलं नाही. अडलं ते 'समूह' या शब्दापाशी. एक माणूस आला, इंग्रजी शिकला, नाव थोडं बदललं, शेजारपाजारात विरघळला, तर चालेल. पण आपली भाषा, आपली शाळा, आपली आठवण घेऊन एकत्र आलेली माणसं नकोत. १९०१ पासून 'गोरा ऑस्ट्रेलिया' हे धोरण आशियाई माणसाला दाराबाहेर ठेवत होतं. त्याच मनोवृत्तीनं इथे युरोपातल्या माणसांनाही थांबवलं.

१९४४ पर्यंत युरोपातून कुणी निघू शकत तरी होतं का?

नाही. म्हणून तारखा नीट पाहायला हव्यात.

ऑक्टोबर १९४१ पर्यंत जर्मनीतून ज्यूंना बाहेर पडायला कागदोपत्री तरी परवानगी होती. अडत होतं ते पुढच्या देशाचा व्हिसा, बोटीचं तिकीट आणि वाटेतली परवानगी यांच्यापाशी. म्हणजे प्रीमियर विलकॉक यांच्या होकारापासून दार पूर्ण बंद होईपर्यंत दोन वर्षं होती. ती दोन वर्षं समित्या आणि 'विचाराधीन' या शब्दात गेली. युद्ध सुरू झालं होतं, जहाजं सैन्यासाठी लागत होती, हे सगळं खरं. पाऊण लाख माणसं त्या दोन वर्षांत आलीच असती असं कुणी म्हणणार नाही. पण पहिली पाचशे? पोर्तुगालमध्ये किंवा शांघायमध्ये अडकून पडलेले काहीजण? तेवढ्यांना जागा नक्की मिळू शकली असती असं मला वाटतं.

कर्टिन यांचं पत्र निघालं त्याच्या आदल्याच आठवड्यात, ९ जुलै १९४४ ला, हंगेरीतून सामुदायिक हद्दपारीच्या गाड्या थांबल्या होत्या. त्याआधीच्या आठ आठवड्यांत चार लाखांहून जास्त ज्यूंना तिथून नेलं गेलं, त्यातल्या बहुतेकांना आउशविट्झला.

टास्मानियाचंही नाव येतं, ते कशासाठी?

किंबर्लीचं घोडं अडल्यावर क्रिचली पार्कर नावाच्या तरुणानं दुसरी जागा सुचवली : टास्मानिया बेटाचा नैर्ऋत्य कोपरा, पोर्ट डेव्ही. पार्कर ज्यू नव्हता. खाणउद्योगाची नियतकालिकं काढणाऱ्या सधन प्रकाशकाचा हा मुलगा. १९४१ च्या सुरुवातीला त्यानं स्टाइनबर्ग यांना ती जागा दाखवली. टास्मानियाचे प्रीमियर रॉबर्ट कॉसग्रोव्ह यांचाही सूर अनुकूल होता.

मार्च १९४२ च्या अखेरीला पार्कर एकटाच पाहणीला गेला. मासेमारीच्या होडीनं त्याला पोर्ट डेव्हीला सोडलं. तिथला पाऊस आणि वारा किंबर्लीच्या अगदी उलट, हाडं गोठवणारा. तो आजारी पडला, काड्यापेट्या संपल्या, मदतीसाठी जाळ पेटवायलाही काही उरलं नाही. तंबूत पडल्या पडल्या तो डायरी लिहीत राहिला. तो गेला त्याच जागी, तीस-एकतीस वर्षांचा. मृतदेह कित्येक महिन्यांनी कोळ्यांना सापडला. डायरीत आपल्या तब्येतीच्या नोंदींइतक्याच नोंदी होणाऱ्या वसाहतीच्या आहेत : तिथे काय पिकवता येईल, कोणते कारखाने निघतील, माणसं कशी राहतील.

ही आणि नाझींची मादागास्कर योजना एकच का?

अजिबात नाही. १९४० मध्ये नाझी अधिकाऱ्यांनी युरोपातले ज्यू मादागास्कर बेटावर नेऊन टाकायचा आराखडा केला होता. तो आराखडा हद्दपारीचा होता. तिथे पोलिसी राज्य असणार होतं आणि माणसं जगोत की मरोत, याची फिकीर नव्हती. किंबर्ली योजना ज्यूंनीच, जीव वाचवण्यासाठी, स्वेच्छेनं मांडलेली होती. दोन्हींत 'दूरची जागा' एवढंच सारखं आहे. या दोहोंची गल्लत सर्रास होते. ती करू नये.

अशा आणखी कोणत्या योजना होत्या?

अमेरिकेत अलास्काचा विचार झाला. १९३९ मध्ये अंतर्गत व्यवहार खात्याचा अहवाल आला, १९४० मध्ये विधेयकही मांडलं गेलं, पण ते समितीतच अडकलं. ब्रिटिश गयानात पाहणी पथक जाऊन आलं. फिलिपीन्सचे अध्यक्ष मान्युएल केझॉन यांनी मिंडानाओ बेटावर हजारोंना वसवायची तयारी दाखवली. ती वसाहत झाली नाही, पण हजाराहून अधिक ज्यूंना मनिलात आसरा मिळाला. डॉमिनिकन रिपब्लिकनं एव्हियाँला एक लाखापर्यंत माणसं घेऊ म्हटलं आणि सोसुआ या गावी प्रत्यक्षात काहीशे माणसं वसली. दूध-लोण्याचा धंदा उभा केला त्यांनी. तिथला हुकूमशहा त्रुहियो स्वतः हजारो हैतीयनांच्या कत्तलीचा धनी होता आणि जगात नाव सुधारण्यासाठी तो हे करत होता. जीव मात्र वाचले.

तिथे शेती जमली असती का?

याचं उत्तर पुढच्या इतिहासानं अर्धंमुर्धं दिलं आहे. युद्धानंतर सरकारनं ऑर्ड नदीवर स्वतःच सिंचन प्रकल्प उभा केला. १९६३ मध्ये वळण बंधारा आणि १९७० च्या दशकाच्या सुरुवातीला मुख्य धरण. कनुनरा हे गाव त्याच प्रकल्पासाठी वसवलं गेलं. आधी कापूस लावला. अळीनं तो इतका खाल्ला की फवारणी करून करून शेतकरी टेकीला आले आणि १९७४ मध्ये कापूस सोडून द्यावा लागला. बोंडअळीशी झुंजणाऱ्या विदर्भातल्या वाचकाला हे वेगळं समजावून सांगायला नको. पुढे खरबूज, आंबा, चंदन अशी पिकं आली आणि तीही चढउतार सोसत टिकली.

तात्पर्य, माती खोटी नव्हती. किम ड्यूरॅकचं म्हणणं बरोबर होतं. पण मोठं धरण आणि सरकारी पैसा असूनही जिथे इतके कष्ट पडले, तिथे १९४० मध्ये वॉर्सा-व्हिएन्नाहून आलेल्या शिंपी, छापखानेवाले, वकील, शिक्षक यांना पहिली दहा वर्षं फार कठीण गेली असती. स्टाइनबर्ग यांना याची कल्पना होती. मृत्यूच्या तुलनेत कठीण शेती म्हणजे काय मोठंसं, हा त्यांचा हिशेब.

युद्धात तो भाग सुरक्षित तरी होता का?

पूर्णपणे नाही. फेब्रुवारी १९४२ मध्ये जपान्यांनी डार्विनवर बॉम्बहल्ला केला आणि ३ मार्चला किंबर्लीच्या किनाऱ्यावरच्या ब्रूम आणि विंडहॅमवर. विंडहॅम हे तर ऑर्डच्या खोऱ्याचं बंदर.

भारताशी, महाराष्ट्राशी याचा काही संबंध आहे का?

किंबर्ली योजनेशी थेट संबंध नाही. पण त्याच लाटेतली माणसं मुंबईच्या किनाऱ्यालाही लागली होती. त्यांना मदत करायला १९३४ मध्ये मुंबईत ज्युइश रिलीफ असोसिएशन स्थापन झाली. ब्रिटिश हिंदुस्थानात आलेल्या मध्य युरोपीय ज्यूंची संख्या काही हजारांच्या आतलीच, पण ठसा मोठा. आकाशवाणीची सकाळची जी धून पिढ्यान् पिढ्या आपल्या घरात वाजली, ती प्रागहून मुंबईत आलेल्या वॉल्टर कॉफमन यांची. सूझा, रझा, हुसेन या चित्रकारांच्या प्रोग्रेसिव्ह गटाला सुरुवातीला हात दिला तो वॉल्टर लँगहॅमर, रुडी फॉन लायडन आणि इमॅन्युएल श्लेसिंगर यांनी. हे तिघेही नाझींमुळे देश सोडून आलेले. आणि युद्ध पेटल्यावर यांच्यासारख्याच काही निर्वासितांना 'शत्रुराष्ट्राचे नागरिक' म्हणून पुरंदर आणि साताऱ्यात स्थानबद्ध राहावं लागलं, ज्या राष्ट्रानं त्यांना हाकललं त्याचेच नागरिक समजून.

कोल्हापूरजवळच्या वळिवड्याची पोलिश छावणी (१९४३–१९४८) हीदेखील युद्धनिर्वासितांचीच, सुमारे ५,००० माणसांची. पण ती बहुतेक कॅथलिक पोलिश कुटुंबं होती आणि सोव्हिएत हद्दपारीतून सुटून इराणमार्गे आली होती. वळिवडे ही 'ज्यू छावणी' होती असं कुणी सांगितलं तर ते चूक आहे.

युद्धानंतर स्टाइनबर्ग आणि त्यांच्या योजनेचं काय झालं?

स्टाइनबर्ग जून १९४३ मध्येच ऑस्ट्रेलिया सोडून कॅनडात कुटुंबाकडे गेले होते. नकाराचं पत्र आलं तरी ते थांबले नाहीत. १९४७ मध्ये त्यांनी डच सरकारशी बोलून दक्षिण अमेरिकेतल्या सुरीनाममध्ये ३०,००० निर्वासितांसाठी जागा जवळपास ठरवली. १९४८ मध्ये इस्राएल स्थापन झाल्यावर तीही बोलणी थांबली. १९५० मध्ये किंबर्लीसाठी ऑस्ट्रेलियाकडे पुन्हा विचारणा झाली, तेव्हा पंतप्रधान मेंझीज यांनीही नकारच दिला. १९५७ मध्ये न्यूयॉर्कला स्टाइनबर्ग वारले. कलेचे प्रसिद्ध इतिहासकार लिओ स्टाइनबर्ग हे त्यांचे चिरंजीव.

ऑस्ट्रेलियानं मात्र युद्ध संपताच 'माणसं आणा, नाहीतर देश टिकणार नाही' म्हणत युरोपातून लाखो लोक आणायला सुरुवात केली. त्यातही १९४७ च्या सुमारास एका जहाजावर ज्यू प्रवासी पंचवीस टक्क्यांहून जास्त नकोत अशी अट घातली गेली. तरीही छळछावण्यांतून वाचलेले हजारो जण मेलबर्न-सिडनीत पोचले, तिथे रुजले आणि यिडिशमधून शाळा, नाटकं, वर्तमानपत्रं चालवत राहिले.

आज तिथे काय दिसतं?

ऑर्डचं मुख्य धरण भरलं तेव्हा जो प्रचंड जलाशय तयार झाला, त्याला लेक आर्गाइल म्हणतात. कोयना, उजनीच्या पाण्याखाली गेलेली गावं ज्यांना ठाऊक आहेत, त्यांना पुढचं चित्र डोळ्यापुढे आणायला वेळ लागणार नाही. स्टाइनबर्ग ज्या आर्गाइल डाउन्सच्या जमिनीवर फिरले, ती मोठ्या प्रमाणात त्या पाण्याखाली आहे. मिरिवुंग लोकांच्या कितीतरी पवित्र जागाही त्याच पाण्याखाली गेल्या. ड्यूरॅकांचं दगडी घर तेवढं चिरा चिरा सुटा करून वर आणलं आणि पुन्हा रचलं. तिथे आता संग्रहालय आहे.

आणि टास्मानियात पोर्ट डेव्हीजवळ, रस्ता नसलेल्या त्या रानात, क्रिचली पार्करची कबर आहे.